रविवारच्या सह्या

"ते पत्र मी लिहिलेलं नाही."

साहेबांनी हे वाक्य सकाळपासून निदान सात वेळा म्हटलं होतं. आधी फोनवर पक्षाच्या कार्यालयाला, मग टायपिस्टकाकांना, मग बायकोला, आणि आता जेवणाच्या टेबलाभोवती बसलेल्या सगळ्यांना. दर वेळी आवाज चढत होता आणि दर वेळी ऐकणाऱ्याची मान आणखी खाली जात होती. कारण पत्राची प्रत टेबलावर पडली होती आणि तिच्या तळाशी साहेबांची सही होती. पहिलं अक्षर मोठं, आणि शेपूट थेट कागदाच्या कडेपर्यंत. ही सही गेली अडतीस वर्षं मतदारसंघातल्या प्रत्येक घराने पाहिली होती.

पत्र चार ओळींचं होतं. प्रकृतीमुळे मी यंदा निवडणूक लढवणार नाही, माझ्या जागी माझ्या मुलाला उमेदवारी द्यावी, ही विनंती. पक्षाने विनंती मान्य केली आणि सकाळी नऊला यादी जाहीर करून टाकली. आठ वेळा निवडून आलेला माणूस दाढी करता करता ऐकतो की आपण निवृत्त झालो, आणि तेही स्वतःच्याच विनंतीवरून. अर्ज भरायची मुदत आज दुपारी तीनपर्यंत होती. भिंतीवरच्या घड्याळात साडेदहा वाजले होते.

"तुम्ही नाही लिहिलं, मग कोणी लिहिलं?" वकील म्हणाला.

वकील म्हणजे साहेबांचा धाकटा मुलगा. वय त्रेचाळीस, धंदा वकिली, आणि घरातही त्याला सगळे वकीलच म्हणत. तो काल संध्याकाळी अचानक मुक्कामाला आला होता आणि येताना कडक इस्त्रीचे दोन पांढरे शर्ट हँगरवर घेऊन आला होता. त्यातला एक आत्ता त्याच्या अंगावर होता.

"ते तूच सांग की," ताई म्हणाली. "दोन दिवसांसाठी आलास, आणि फोटो काढायचे शर्ट घेऊन आलास."

"ताई, तोंड सांभाळून बोल."

"बावीस वर्षं तोंड सांभाळूनच बोलतेय मी."

खोटं नव्हतं ते. ताई साहेबांची थोरली मुलगी. घरात ताई, ऑफिसात ताई, मतदारसंघात ताई. साहेबसुद्धा तिला ताईच म्हणत. बावीस वर्षांपूर्वी ती कॉलेजातली शिकवायची नोकरी सोडून 'दोन महिने मदत करते' म्हणून बाबांच्या ऑफिसात येऊन बसली. ते दोन महिने अजून संपले नव्हते. मागच्या तिन्ही निवडणुकांच्या आधी साहेब तिला म्हणाले होते, "पुढच्या वेळी तू." पुढची वेळ आली की त्यांना सभागृहातलं एखादं अर्धवट काम आठवायचं.

आणि काम तरी कसलं? साहेब तिसऱ्या रांगेत बसायचे. मंत्री कधी झाले नाहीत. त्यांनी मांडलेली पाच विधेयकं पाचही वेळा धूळ खात पडली. तरी लोक त्यांना निवडून देत, ते एकाच गोष्टीसाठी: साहेबांना पत्र टाकलं की आठ दिवसांत उत्तर येतं. दवाखान्यातली खाट असो, अडकलेलं पेन्शन असो, शाळेतला प्रवेश असो. वर्तमानपत्रं त्यांना 'पत्रांचे खासदार' म्हणत आणि साहेबांना ते मनापासून आवडे.

ती पत्रं लिहिली जायची या टेबलाच्या जिवावर. दर रविवारी चहा झाला की साहेब इथे बसत आणि कोऱ्या लेटरहेडवर ओळीने साठ सह्या करत. घरात त्या कागदांना 'कोरे' म्हणायचे. सोमवारी साहेब राजधानीला जात आणि आठवडाभर त्या सह्यांच्या वरचा मजकूर सुरुवातीच्या वर्षांत टायपिस्टकाका आणि ताई आल्यापासून ताई भरत असे. साहेबांना वाचायला वेळ नव्हता, आणि लोकांना थांबायला नव्हता. इतकी सोयीची पद्धत होती की ती चुकीची आहे हे म्हणायला कुणाला सवडच झाली नाही.

"मी फक्त एवढंच विचारतो," वकील म्हणाला, "की कोऱ्यांच्या कपाटाची किल्ली कुणाकडे असते?"

सगळ्यांनी ताईकडे पाहिलं. साहेबांनी सगळ्यात आधी पाहिलं, आणि ते तिच्या लक्षात आलं.

"माझ्याकडे," ती म्हणाली. "म्हणजे मी या महाराजांसाठी तिकीट मागितलं? माझं डोकं फिरलंय का?"

टायपिस्टकाका खोकले. ते तीस वर्षांहून जास्त काळ या घरात होते आणि खोकल्याशिवाय बोलत नसत. त्यांनी प्रत उचलली, चष्मा कपाळावर सरकवला आणि कागद डोळ्यांजवळ नेला.

"साहेब, ही सही आजारपणाआधीची आहे."

"म्हणजे?"

"अडीच वर्षांपूर्वी तुमचा हात गेला तेव्हापासून शेपूट मध्येच थांबतं. हे बघा, ही कडेपर्यंत गेलीय. हा कोरा अडीच वर्षांपूर्वीचा आहे. आणि ताईकडे जुने कोरे उरत नाहीत. आठवड्याचे साठ आठवड्यात संपतात. मी मोजतो ना."

काकांनी कागद परत ठेवला. वकिलाने घड्याळाकडे पाहिलं. आणि आई उठून स्वयंपाकघरात गेली, कारण तिला दूध उतू जाईल असं वाटलं.

दूध गॅसवर नव्हतंच. आई ओट्याला धरून उभी राहिली. तो रविवार तिला लख्ख आठवत होता. साहेबांच्या साठ सह्या झाल्या, ते उठले आणि दारातच कोसळले. सगळे दवाखान्यात धावले. रात्री ती एकटी परतली तेव्हा टेबलावर साठ कोरे तसेच पडले होते. ते तिने उचलून साड्यांच्या खाली ठेवले. माणूस वाचतो की नाही याची खात्री नव्हती, निदान त्याच्या हातचं काहीतरी असावं म्हणून. पुढे माणूस वाचला, तीन महिन्यांत काठी टेकत राजधानीला गेला, आणि कोरे साड्यांखालीच राहिले.

मागच्या महिन्यात वकील तिच्या खोलीत येऊन बसला होता. "आई, बाबांना थांबवायचंय ना? ते स्वतः कधीच थांबणार नाहीत. त्यांच्या नावाने पक्षाला कळवावं लागेल." तिने कोरा काढून दिला. मुलाच्या हातात दिला, परक्याच्या नाही. त्यात तो स्वतःचं नाव घुसडेल हे तिच्या ध्यानीमनीही नव्हतं. आता तिला आपलीच चीड आली, आणि त्याहून जास्त पोटच्या पोराची. पण बाहेर न जाता ती तिथेच ऐकत राहिली.

बाहेर साहेबांचा फोन वाजला. ते उभं राहूनच बोलले, कारण पक्षाध्यक्षांशी ते बसून बोलत नसत. हो, हो, नक्की, बारापर्यंत. फोन ठेवला तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर सकाळपासून पहिल्यांदा रंग आला होता.

"बारापर्यंत लेखी द्या म्हणतायत, की पत्र खोटं आहे. यादी बदलतो म्हणाले. काका, मशीनवर बसा."

"बसा, काका," वकील म्हणाला. "पण बाबा, काय लिहिणार ते ठरवा आधी. सही तुमची आहे. कुणीही तज्ज्ञ सांगेल. मग तुमची खरी सही खोट्या पत्रावर आली कुठून? तुम्हाला सांगावं लागेल की मी कोऱ्या कागदांवर सह्या करून ठेवतो. एकदा नाही, दर रविवारी साठ. अडतीस वर्षं. लोक कागद घेऊन दारात येतील आणि विचारतील, हे तरी तुम्ही लिहिलंय का?"

"तू मला धमकी देतोयस?"

"मी वकिली सल्ला देतोय. फुकटात."

"तू लिहिलंस ते पत्र," ताई म्हणाली.

"हो, मी लिहिलं." वकील आता सावरून बसायच्या फंदात पडला नाही. "लिहिलं. या घरात बाबांच्या सहीवर सगळ्यांनी लिहावं, फक्त मी लिहू नये? सहा वर्षं मी होस्टेलमधून बाबांना पत्रं लिहिली. उत्तर काय यायचं ठाऊक आहे? 'आपले दिनांक बाराचे पत्र मिळाले. आपल्या अडचणीची नोंद घेतली आहे.' दहा वर्षांचा होतो मी. मला होस्टेलमध्ये मारत होते, आणि माझ्या बापाने नोंद घेतली होती."

टायपिस्टकाकांनी चष्मा काढून पुसायला घेतला. त्यांना तो मजकूर पाठ होता.

"पण आठ दिवसांत आलं ना उत्तर," साहेब म्हणाले. आणि ते खरंच तसं समजून म्हणाले, हे त्याहून वाईट होतं.

ताईला क्षणभर भावाची कीव आली. तिला ही गोष्ट माहीत नव्हती. मग तिला त्याचे दोन शर्ट आठवले आणि कीव ओसरली. ज्याला त्या सहीने इतकं जाळलं, त्याला पुढे सरकायला तीच सही लागली, दुसरं काही सुचलं नाही.

साहेब टेबलाभोवती एक फेरी मारून आले. त्यांच्या डोक्यात सभागृह होतं. तिसऱ्या रांगेतली कडेची खुर्ची, दारावर सलाम करणारा पहारेकरी, वाचनालयातली त्यांच्या नावाने राखलेली टेबलाची जागा. तिथे गेलं की काठी विसरायला व्हायची. इथे मात्र कुणीतरी सारखं औषधाची वेळ सांगत असे. सोमवारी विमान नाही, ही कल्पनाच त्यांना करवेना. भीती फार वाटली की साहेबांना राग येई, आणि राग आला की एखादा उपाय सुचे.

"एक मार्ग आहे," ते ताईच्या खुर्चीमागे येऊन थांबले. आवाज एकदम मऊ झाला होता. "कोऱ्यांचा विषयच काढायचा नाही. सही खोटी आहे असं सांगायचं."

"पण ती खोटी नाहीये," काका म्हणाले.

"ताईला माझी सही येते. लहानपणी वहीभर गिरवायची. ताई, तू एवढंच लिहून दे, की भावाच्या मायेपोटी माझ्या हातून चूक झाली, मी बाबांची सही केली. लोक तुला काही म्हणणार नाहीत. तुझ्यावर जीव आहे त्यांचा. चार दिवस बोलतील आणि विसरतील."

वकील सगळ्यात आधी बोलला आणि त्याचा आवाज बदलला होता.

"बाबा, खोटी सही हा गुन्हा आहे. ती तुरुंगात जाऊ शकते."

"कोण तक्रार करणार आहे? मी? मी तिला माफ करेन. जाहीर माफ करेन."

"माफ कराल," ताई म्हणाली.

"बेटा, शेवटची वेळ आहे माझी. पुढच्या वेळी तू. शब्द देतो."

ताई उठली. तिला ओरडायचं होतं, पण घशातून निघाला तो साधाच आवाज, रोज फोनवर लोकांशी बोलते तो.

"बाबा, तुम्हाला माहीत आहे का, मी तुमच्या नावाने किती पत्रं लिहिली? काका मोजतात. काका, किती?"

काकांनी खाली बघत आकडा सांगितला. साठ हजारांच्या वर होता.

"त्यातलं एक सांगा. कुणाचंही. नाव सांगा, काम सांगा. एक."

साहेबांनी तोंड उघडलं. त्यांना भाषणं आठवली, समितीचे अहवाल आठवले, तेवीस वर्षांपूर्वी पूल मंजूर झाला ते आठवलं. पत्र एकही आठवेना.

"हा काय परीक्षेचा प्रकार आहे?" ते म्हणाले. "मी तिथे होतो म्हणून इथल्या कागदाला किंमत होती. माझ्या सहीशिवाय तुझं पत्र कुणी हातात धरलं असतं का?"

"नसतं धरलं. म्हणून तर तीनदा वाट पाहिली. आणि आज तुम्ही मला चोर म्हणून उभं करताय, तेही माझ्यावर जीव आहे म्हणून."

तेवढ्यात आई आली. तिच्या हातात कागदांची चळत होती आणि वरच्या कागदाला साडीच्या घडीची रेघ पडली होती. तिने चळत टेबलावर आपटली. या घरात आईने काही आपटलेलं कुणी पाहिलं नव्हतं.

"हे एकोणसाठ आहेत. साठावा मी दिला, याला. मला वाटलं तुमच्या तब्येतीसाठी मागतोय." ती वकिलाकडे वळली. "तू मला दुसरी ओळ दाखवली नाहीस. आईला फसवलंस. आणि तुम्ही." ती साहेबांकडे वळली. "मी आत उभी राहून सगळं ऐकलं. मुलाने तुमचा एक कागद चोरला तर तुम्हाला इतका संताप. आणि मुलीचं अख्खं आयुष्य उचललंत, त्याचं काहीच नाही? त्यावर आता तिनेच सही करायची?"

"अगं, तू मध्ये पडू नकोस."

"मधेच राहिले मी अडतीस वर्षं. आता बास."

वकिलाने कागद पुढे ओढायला हात घातला. आईने त्याच्या हातावर चापट मारली, लहानपणी मारायची तशी, आणि त्याने हात मागे घेतला.

ताईने चळतीतला वरचा कोरा घेतला. खुर्ची ओढली, पेन उघडलं आणि उभ्या सगळ्यांसमोर लिहायला बसली. बावीस वर्षांची सवय. सहीला धक्का न लावता वरच्या जागेत मजकूर बसवायला तिला आखावं लागत नसे. चार ओळी झाल्या. तिने वाचून दाखवल्या.

"'सोबतचे पत्र मी लिहिलेले नाही. गेल्या बावीस वर्षांत माझ्या नावाने गेलेले एकही पत्र मी लिहिलेले नाही. ती सगळी माझ्या मुलीने लिहिली. मी फक्त सह्या केल्या.' बारापर्यंत लेखी हवंय ना पक्षाला? घ्या. यातलं अक्षरही खोटं नाही, आणि सही तुम्ही केलेलीच आहे."

"फाड ते," साहेब म्हणाले.

"तुमच्या नावाचं आहे. तुम्ही फाडा."

साहेबांचा उजवा हात टेबलापर्यंत आला आणि थांबला. आईने कागद उचलला, घडी घातली आणि चष्म्याच्या डबीत ठेवून डबी बंद केली. तो कुणाला द्यायचा ते ती ठरवणार होती, आणि ती काय ठरवेल हे साहेबांना पहिल्यांदाच सांगता येईना.

ताईने पर्समधून कपाटाची किल्ली काढून टेबलावर ठेवली. मग पर्सच्या मागच्या कप्प्यातून उमेदवारी अर्जाचा कोरा नमुना काढला. तिने चार दिवसांपूर्वी बाबांसाठी दोन आणले होते. एक खराब झाला तर असावा म्हणून. पहिला आता खराब व्हायचा प्रश्नच उरला नव्हता.

वकिलाने तो ओळखला. "अपक्ष? ताई, वेडी झालीस का? पक्ष नाही, चिन्ह नाही. सह्या करायला दहा सूचक लागतात. प्रतिज्ञापत्र लागतं. साडेअकरा वाजलेत."

"नोटरी कोपऱ्यावरच बसतो. आणि माणसं बाहेर बसलीयत."

"माझ्याविरुद्ध उभी राहणार तू?"

"आधी तूच माझ्या वाटेत उभा राहिलास," ती म्हणाली आणि साहेबांकडे वळली. "येते, साहेब."

तिने त्यांना आजवर बाबाच म्हटलं होतं. साहेब हा शब्द साहेबांनी आयुष्यभर ऐकला होता, पण या वेळी तो ऐकून ते खुर्चीवर बसले.

काचेच्या दारापलीकडे बैठकीच्या खोलीत रोजच्यासारखी माणसं खुर्च्यांवर बसली होती. अकरा जण. निवृत्त मास्तर होते, पायाला प्लास्टर घातलेला रंगारी होता, दवाखान्यातल्या दोन नर्स होत्या, कोपऱ्यात इस्त्रीवाल्या मावशी होत्या. सगळ्यांनी फोनवर बातमी वाचली होती आणि आतले आवाजही ऐकले होते. ताई दिसताच ते उठायला लागले.

"बसा," ताई म्हणाली. "आज इथून कुणाला पत्र मिळणार नाही. खोटं सांगत नाही. इतकी वर्षं तुम्ही इथे सहीसाठी आलात. आज मला तुमची सही हवीय. मी उभी राहतेय. माझ्या नावाने."

मास्तरांनी खिशातलं पेन चाचपलं पण काढलं नाही. रंगारी म्हणाला, "साहेबांना चालेल का?" त्याने आतल्या दाराकडे पाहिलं, कुबडी घेतली आणि निघून गेला. दहा उरले. आता एकही जाऊन चालणार नव्हतं.

ताईने अर्ज इस्त्रीवाल्या मावशींपुढे धरला. मावशींनी तो घेतला, उलटा केला, सुलटा केला आणि परत तिच्याकडे दिला.

"असं कसं करणार सही? कोरा आहे हा."

"मावशी, मी भरतेय तो. वेळ कमी आहे म्हणून आधी सह्या घेते."

"नाही गं बाई." मावशींनी मान हलवली. "दिराने कोऱ्या कागदावर सही घेतली आणि माझी खोली गेली. ती तू परत मिळवून दिलीस. साहेबांचं पत्र होतं, पण इथे बसून माझं सगळं तूच लिहून घेतलंस. आणि जाताना काय म्हणालीस मला? मावशी, कोऱ्या कागदावर जन्मात सही करू नका, मागणारा सख्खा असला तरी. आधी भर. मग मला वाचून दाखव. मग करते."

ताईचे कान तापले. दोन पिढ्यांच्या सवयीने तिचाही हात तोच कागद पुढे करून बसला होता, आणि ते तिच्या लक्षातही आलं नव्हतं. ती खाली बसली, मावशींच्या खुर्चीपाशी, फरशीवर. अर्ज मांडीवर घेतला आणि भरला. सगळ्या ओळी भरल्या. दहा माणसं घड्याळाकडे न बघता थांबली.

मग तिने वाचायला सुरुवात केली. उमेदवाराचं नाव. तिने स्वतःचं पूर्ण नाव मोठ्याने वाचलं. ते इतक्या वर्षांत या खोलीत कुणी उच्चारलं नव्हतं, आणि एक नर्स हळूच दुसरीला म्हणाली, "ताईंचं नाव हे आहे होय?"

"वडिलांचं नाव," ताईने पुढची ओळ वाचली, आणि थांबली. मग तेही वाचलं.

आत जेवणाच्या टेबलाशी साहेबांनी ते ऐकलं. त्यांच्यापुढे अठ्ठावन्न कोऱ्यांवर त्यांच्या सह्या होत्या. बाहेर मावशी म्हणाल्या, "आता आण इकडे पेन." आणि पाठोपाठ एकेक खुर्ची सरकल्याचा आवाज यायला लागला. साहेब तो मोजत राहिले, दहापर्यंत.